कोरड्या पंपाचं शूटिंग : समुद्रपूर तालुक्यातला एक चैत्र

चैत्रात विदर्भात जाऊ नकोस, असं मला पुण्यात प्रत्येकाने सांगितलं. आईने कांदा बांधून दिला, शेजारच्या काकांनी टोपी दिली, आणि ज्या स्टुडिओत मी अधूनमधून काम करायचे तिथल्या साहेबांनी सांगितलं की पाण्यावरच्या दहा मिनिटांच्या सरकारी माहितीपटासाठी कुणी महिनाभर गावात राहत नाही, दोन दिवस पुरतात. मी तरी गेले, कारण नलूताईने बोलावलं होतं.

ही ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीची गोष्ट. मी पंचविशीची होते आणि ध्वनिमुद्रण करायचे. नलूताई माहितीपट करायची. माझ्यापेक्षा दहाएक वर्षांनी मोठी, बुटकी, कमी बोलणारी. तिची काम करण्याची रीत अशी की गावात जायचं, राहायचं, आणि लोक आपल्याला कंटाळेपर्यंत कॅमेरा पेटीतून काढायचा नाही. कंटाळले की मग काढायचा. कुणाला "असं करा, तसं चाला" म्हणायचं नाही. बाई चूल पेटवत असेल तर धूर डोळ्यांत जाऊन ती शिव्या देईपर्यंत थांबायचं. निर्माते तिच्यावर वैतागायचे. या वेळी एका सरकारी खात्याने तिला काम दिलं होतं. गावोगावी बसवलेल्या हातपंपांवर चित्रपट हवा होता. एवढ्या मोठ्या खात्याला तिची रीत माहीत नसावी.

आमच्याबरोबर दिवाकर होता, कॅमेरामन. तो खात्याच्या पगारावरचा माणूस, पण हात चांगला.

रेल्वेने वर्ध्याला सकाळी उतरलो. खात्याची जीप न्यायला येणार होती, ती आली नाही. स्टेशनबाहेर तर्री ओतलेला आलूबोंडा खाल्ला, तो इतका तिखट की दिवाकरला उचकी लागली. तिथून लाल गाडीने हिंगणघाट, गाडी बदलून समुद्रपूर. जाणाऱ्यांसाठी सांगते, रस्ता सपाट आहे, दोन्ही बाजूंना काळी शेतं, आणि उन्हाळ्यात खिडकीजवळची जागा मागू नये. वारा भट्टीसारखा लागतो. शेतांत उपटलेल्या पऱ्हाटीचे ढीग होते. कापूस वेचून झाला की उरलेली ही झाडं इथे वर्षभर चुलीत जातात. समुद्रपूरहून पुढे बस दिवसातून एकदा, आणि ती निघून गेलेली. शेवटी पेट्या एका बंडीत घातल्या, बंडी म्हणजे तिकडची बैलगाडी, आणि आम्ही मागे मागे चालत गावात पोचलो. गावाचं नाव लिहीत नाही. तिथल्या माणसांना विचारून मी हे लिहीत नाहीये.

वामनराव आणि कौसल्याबाई यांच्या घरी आमची सोय झाली. कापसाची शेती, दोन बैल, शेतात स्वतःची विहीर. कौसल्याबाईंना सगळे काकू म्हणत, आम्हीही म्हणू लागलो. सकाळी ज्वारीची भाकर आणि वांग्याची भाजी, रात्री भाकर आणि मुगाच्या वड्या, अधूनमधून अंबाडी. पैसे देऊ केले तर वामनरावांनी हात जोडले. "पाहुणे हात ना तुमी. फिलमवाले हात म्हणून का झालं?"

गावापासून थोडं दूर, नाल्याच्या दिशेने, गोंड कुटुंबांचा टोला होता. दहा-बारा घरं. खात्याचा हातपंप टोल्याच्या मधोमध होता. निळा रंग, सिमेंटचा ओटा, सगळं नवं. आम्ही गेलो त्या दिवशी पंपाच्या दांड्यावर कुणाची तरी चादर वाळत होती.

"संक्रांतीपासून कोल्डा आहे," असं गिरजाबाईने सांगितलं.

गिरजाबाई चाळिशीची असेल. उंच, काटक, एका कानात बारीक बाळी, दुसरा कान रिकामा. नवरा जंगलाच्या कामावर जायचा, मोठी मुलगी सासरी. घरात आणि टोल्यात ती गोंडी बोलायची, आमच्याशी मराठी. पहिले सात-आठ दिवस आम्ही टोल्यात नुसते बसून राहिलो. बाया पहाटे मोहफुलं वेचायला जायच्या, ती उन्हात पसरायच्या, आणि आमच्याकडे बघून गोंडीत काहीतरी म्हणून हसायच्या. मी एकदा विचारलं, काय म्हणता?

"तुमच्या घरी काम नाई का, असं म्हणतो," गिरजाबाई म्हणाली.

मग त्या खरंच कंटाळल्या आणि आमच्याकडे बघायच्या थांबल्या. नलूताईने दिवाकरला पेटी उघडायला सांगितली.

पहिलं चित्रण नाल्यात झालं. नाला कोरडा पडला होता. त्याच्या वाळूत बाया हाताने खड्डा करायच्या, त्याला झिरा म्हणतात. खड्ड्याच्या तळाशी पाणी झिरपत यायचं. आधी गढूळ, ते वाटीने उपसून फेकायचं. मग थांबायचं. मग थोडं नितळ आलं की वाटीने गुंडात, म्हणजे घागरीत, भरायचं आणि पुन्हा थांबायचं. नलूताईने कॅमेरा झिऱ्याच्या पलीकडे ठेवला, त्याची घरघर माझ्या टेपवर येऊ नये म्हणून काकूंची गोधडी त्याच्यावर टाकली, आणि फिल्मचा अख्खा डबा संपेपर्यंत बंद केला नाही. गिरजाबाई उकिडवी बसून होती. पाणी येत होतं. माझ्या कानांत हेडफोनमधून वाटी वाळूला घासल्याचा आवाज, मग काही नाही, मग पुन्हा तोच आवाज. डबा संपला तेव्हा तिचा पहिला गुंड अर्धाही भरला नव्हता.

परत येताना माझ्या लक्षात आलं की टोल्यातून नाल्याकडे जाणारी पायवाट वामनरावांच्या विहिरीच्या काठाने जाते. बाया रोज रिकामे गुंड घेऊन त्या विहिरीजवळून जायच्या आणि भरलेले गुंड डोक्यावर घेऊन तिच्याजवळूनच परत यायच्या. विहिरीत पाणी होतं. वरून दिसायचं.

मी नलूताईला म्हटलं, "आपण काकूंशी बोलू या ना."

"नाही. आपण बघायला आलोय. आपण हात घातला की हे गाव आपलं होतं, त्यांचं राहत नाही."

तेव्हा मला ते पटलं होतं. निदान मी गप्प बसले.

दुसरा आठवडा संपत आला तेव्हा खात्याचे साहेब आले. जीपमध्ये एक कारकून, एक फोटोग्राफर, आणि बर्फाच्या पेटीत सरबताच्या बाटल्या. साहेबांना चित्रपट लवकर हवा होता, वरच्या कुणाला तरी दाखवायचा होता. त्यांनी नलूताईला विचारलं की आतापर्यंत काय घेतलंय.

"झिरा," ती म्हणाली.

"आणि पंप?"

"पंप कोरडा आहे. त्याच्यावर चादर वाळते, ते घेतलंय."

साहेब रागावले नाहीत, हे मला अजून आठवतं आणि अजून त्याचीच चीड येते. ते हसले. म्हणाले, "बाई, भूजल कमी-जास्त होतं. चित्रपटात कायमची गोष्ट दाखवायची असते." मग त्यांनी कारकुनाला हाक मारली. त्याने पंपाच्या डोक्यावरचं झाकण उघडलं आणि सांगितलं की मागून एकाने वरून पाणी ओतत राहायचं, पुढे एका बाईने दांडा मारायचा, तोटीतून धार पडेल. मागचा माणूस चित्रात आला नाही म्हणजे झालं.

पाणी कुठून आणणार? त्याच वेळी टोल्यातल्या बाया नाल्यावरून परतत होत्या. सगळ्यांच्या डोक्यावर गुंड. सकाळ उलटून गेलेली, तेवढं पाणी भरायला त्यांची सगळी सकाळ गेलेली. कारकुनाने हात करून त्यांना तिथेच थांबवलं.

मी नलूताईकडे पाहिलं. मला वाटलं आता ती सांगेल की मी हे चित्रित करणार नाही, पेट्या बांधा. ती दिवाकरच्या कानात काहीतरी बोलली. दिवाकरने कॅमेरा उचलला आणि चांगला दूर, कडुनिंबाखाली नेऊन ठेवला. तिथून सगळं दिसत होतं. झाकण, कारकून, ओळीत उभ्या बाया, जीप, साहेबांच्या हातातली बाटली. "चालू कर आणि मी सांगेपर्यंत बंद करू नको," ती म्हणाली. मला तिने पंपाजवळ पाठवलं, माइक घेऊन.

साहेबांना वाटलं आपलंच काम चाललंय. त्यांनी गिरजाबाईला निवडलं, ती उंच म्हणून. तिचेच दोन गुंड आधी कारकुनाकडे दिले गेले. तो पंपामागे स्टुलावर चढला आणि ओतू लागला. गिरजाबाईने दांडा मारला. धार आली. तिच्यासमोर तिसरा, रिकामा गुंड ठेवला होता, त्यात ती धार पडू लागली. थोडी गुंडात, बरीचशी सिमेंटवर. सिमेंट तापलेलं होतं, पाणी पडलं की चर्र आवाज यायचा. तो माझ्या टेपवर आला.

रांगेतल्या बाया आपसांत गोंडीत बोलत होत्या, हळू आवाजात. गिरजाबाईही आधी गोंडीतच काही म्हणाली. मग तिने साहेबांकडे पाहिलं आणि मराठीत म्हणाली, त्यांना कळावं म्हणून:

"माह्यंच पाणी मलेच पाजून राह्यले का, साहेब?"

आणि हसली. ते हसणं मी कानांत ऐकलं, माझा माइक तिच्यापासून हातभर अंतरावर होता. त्यात आनंद नव्हता. घशातून आलेलं, कोरडं हसणं होतं ते. बाकीच्या बायाही हसल्या. साहेबही हसले. "वा, छान, असंच हसा," ते म्हणाले, आणि फोटोग्राफरने पुढे होऊन फोटो काढला. साहेबांनी दिवाकरला जवळ बोलावून पुन्हा एकदा धार आणि तिचा चेहरा जवळून घ्यायला लावला. दिवाकरने नलूताईकडे पाहिलं, मग घेतला. पगार त्यांचा होता.

जीप गेली. गिरजाबाईने गुंडात उरलेलं पाणी पाहिलं. मग माझ्याकडे पाहिलं, मग नलूताईकडे.

"तुमी एवढे दिवस आमाले पाहून राह्यले," ती म्हणाली. "पाहून झालं का?"

गिरजाबाईने रिकामे गुंड उचलले आणि पुन्हा नाल्याकडे निघाली. दुपारचं ऊन होतं. बाकीच्या बाया तिच्यामागे गेल्या.

संध्याकाळी जेवताना मी भाकर नुसती मोडत राहिले. काकूंनी विचारलं, "काय झालं वो? भाजी खारट झाली का?" आणि माझ्या तोंडून सगळं निघालं. पंप, स्टूल, ओतलेलं पाणी. एवढ्यावर मी थांबले नाही. म्हटलं, "काकू, त्या बाया तुमच्या विहिरीच्या काठाने जातात. रोज. भर उन्हात. तुम्हाला दिसत नाही का?"

नलूताईने माझ्या नावाने हाक मारली. "शैला." मी थांबले नाही.

वामनराव म्हणाले, "दिसते ना. पण एकाले दिलं तं अख्खं गाव येते. वैशाखात इहीर खाली जाते. बैलाईले काय पाजू?" त्यांचं म्हणणं खोटं नव्हतं. पण मी तेव्हा ऐकण्याच्या मनःस्थितीत नव्हते आणि आज, इतक्या वर्षांनीही, मला ते पुरेसं वाटत नाही.

काकूंनी मला आणखी एक भाकर वाढली.

ओसरीत आल्यावर नलूताई माझ्यावर भडकली. इतक्या वर्षांत मी तिला तेवढं रागावलेलं पुन्हा पाहिलं नाही.

"तुला कळतंय का तू काय केलंस? उद्या काकूंनी विहीर उघडली तर ती बाई झिऱ्यावर जाणार नाही. आपलं अर्धं काम व्हायचंय अजून."

"नाही गेली तर बरंच आहे."

"बरंच आहे. पण मग आपण काय दाखवणार? हे एकाच टोल्यात चाललंय का? शंभर ठिकाणी चाललंय. ते लोकांना दिसायला हवं."

"आणि आज तू का अडवलं नाहीस? तुझ्यासमोर त्यांचं पाणी ओतलं."

"अडवलं असतं तर ते दोन दिवसांनी दुसऱ्या कुणाला घेऊन आले असते आणि हेच केलं असतं. आता निदान सगळं फिल्मवर आहे. मागचा माणूस, स्टूल, सगळं. ते खोटं कसं बनवतात ते आहे."

"फिल्म त्यांची आहे, ताई."

दिवाकर भिंतीकडे तोंड करून पडला होता, झोपला नव्हता.

सकाळी काकू आमच्या आधी उठून शेतात गेल्या होत्या. आम्ही पोचलो तेव्हा त्या विहिरीच्या काठावर उभ्या होत्या, आणि पायवाटेने टोल्यातल्या बाया येत होत्या. काकूंनी गिरजाबाईला हाक मारली.

"गिरजा, इथूनच भरजो. नाल्यात जाऊ नको."

गिरजाबाई थांबली. मला वाटलं ती खूश होईल. मी इतकी वेडी होते.

"पह्यले काऊन नाई म्हटलं, काकू?" ती म्हणाली. "लग्न होऊन आली तवापासून या रस्त्यानं जातो मी."

काकूंचा चेहरा उतरला. त्या म्हणाल्या, "नाई म्हटलं. चुकलंच. आता भर."

गिरजाबाईने आभार मानले नाहीत. दोर हातात घेतला, बादली सोडली. काकू बाजूला सरकल्या आणि मग, जरा वेळाने, त्यांनीही दोराला हात लावला. दोघी ओढत होत्या आणि एकमेकींशी बोलत नव्हत्या. मी वळून पाहिलं तर नलूताईने कॅमेरा लावलेला होता. गोधडी टाकलेली, ती मागे मांडी घालून बसलेली. शेवटचा गुंड भरून शेवटची बाई जाईपर्यंत ती तशीच बसून राहिली. त्या दिवशी तिने मला एवढंच विचारलं, "आवाज आला ना?" मी म्हटलं, आला.

वैशाख लागण्याआधी आम्ही निघालो. त्याच बंडीने, त्याच रस्त्याने. काकूंनी मोठ्या डब्यात कुरडया भरून दिल्या. टोल्यात निरोप घ्यायला गेलो तेव्हा गिरजाबाई मोह वाळवत होती. "येजो," ती म्हणाली, आणि हात पुसायलाही थांबली नाही.

पुढचं मुंबईत झालं. नलूताईने पाऊण तासाचा चित्रपट जोडला. त्यात झिरा होता, स्टूल होतं, विहीर होती. खात्याने तो पाहिला आणि परत मागितला. फिल्म त्यांची, टेप त्यांची, त्यांच्याकडे जोडणारी माणसंही होती. नलूताई कित्येक आठवडे त्यांच्या कार्यालयाच्या पायऱ्या चढत राहिली. शेवटी तिने आपलं नाव काढून घ्यायला लावलं. तेवढं मात्र त्यांनी आनंदाने केलं.

पावसाळा सरता सरता मी आईबरोबर पुण्यात दुपारच्या खेळाला गेले. मुख्य सिनेमाच्या आधी माहितीपट लागला. बासरी वाजली. नाला नव्हता. निळा पंप आला, धार आली, आणि धारेच्या मागून गिरजाबाईचा चेहरा आला, पडदाभर. ती हसत होती. तिचं बोलणं काढून टाकलं होतं. त्या जागी एक भारदस्त पुरुषी आवाज सांगत होता की आता इथल्या भगिनींच्या चेहऱ्यावर समाधान फुललं आहे. मागच्या रांगेत कुणीतरी शेंगा सोलत होतं.

आई म्हणाली, "किती गोड हसते गं."

मी तिला तिथेच, अंधारात, सगळं सांगितलं. माझा आवाज चढला असावा, कारण कुणीतरी गप्प बसा म्हणालं. आई उठली. मुख्य सिनेमा सुरू होत होता, तिकिटं तिने हौसेने काढली होती, पण ती उठली आणि आम्ही बाहेर आलो. रस्त्यात ती म्हणाली, "त्या बाईला हे माहीत आहे का?"

नव्हतं. तिला कोण सांगणार होतं?

म्हणून दिवाळी झाल्यावर मी पुन्हा गेले, एकटी. हा काळ त्या बाजूला जायला उत्तम. हवा गार, दोन्ही बाजूंना पांढरी फुटलेली कपाशी, समुद्रपूरची गाडी वेचणाऱ्या बायांनी भरलेली. गिरजाबाई वामनरावांच्याच शेतात कापूस वेचत होती, कमरेला ओटा, म्हणजे कापूस टाकायची झोळी, बांधून. काकू शेजारच्या ओळीत होत्या. आता दोघी बोलत होत्या, भांडणाच्या सुरात, कुणाची ओळ कुठली यावर. पंप तसाच होता. विहिरीचं पाणी वैशाखात फारच खाली गेलं होतं, दोनदा वामनरावांनी बंद करतो म्हटलं होतं आणि काकूंनी करू दिलं नव्हतं.

मी गिरजाबाईला बांधावर बसवून सांगितलं. पडद्यावर काय दाखवलं, काय कापलं, तो माणूस काय बोलला. ती लक्ष देऊन ऐकत होती.

"मी बोलली ते नाई ठेवलं?"

"नाही."

"आन् हसली ते ठेवलं."

"हो."

तिने ओट्यातला कापूस चाचपला, त्यातलं एक वाळकं पान काढून टाकलं.

"गंज लोकाईनं पाह्यलं असंन."

"हो, खूप जणांनी. सगळीकडे दाखवतात."

"मंग आता कोणी फोटो काढाले आलं तं मी हसणार नाई," ती म्हणाली. "आन् तुमच्या त्या बाईले सांगजो. तिनं तवा थांबवाले पाह्यजे होतं."

एवढं बोलून ती उठली आणि आपल्या ओळीत गेली.

नलूताईला मी ते जसंच्या तसं सांगितलं. तिने ऐकून घेतलं, बाजू मांडली नाही. पुढे आम्ही अनेक चित्रपट एकत्र केले, तिची रीत तीच राहिली, आणि जवळजवळ प्रत्येक गावात आमचं यावरून वाजलं. तिने बसून पाहिलं नसतं तर मला ती विहीर दिसलीच नसती, हे मी तिला कबूल केलं. फक्त पाहत बसल्याने ती विहीर उघडली नाही, हे तिने मला कधी कबूल केलं नाही. साहेबांना पुढे बढती मिळाली असं दिवाकरने सांगितलं. त्याचा राग मी अजून सोडलेला नाही आणि सोडायचा विचारही नाही.

त्या दिवाळीनंतर पुण्याला परतले तेव्हा आई स्वयंपाकघरात होती. बॅग ठेवायच्या आधीच तिने विचारलं, "सांगितलंस? काय म्हणाली?"

मी सांगितलं. आईने तव्यावरची पोळी उलटली, दाबली, खाली काढली.

"बरोबर बोलली," ती म्हणाली. "हात धुऊन ये."